अब्बांच्या पत्र्याचं वादळ

नातू मोबाइलवर जुना मुका सिनेमा बघत होता. झाडं वाकत होती, होड्या उलटत होत्या. तो हसला, "आवाजच न्हाई, कसलं वादळ हे!" माझं डोकंच सणकलं.

कळमनुरीच्या बाजारात तंबूतला सिनेमा यायचा, तेव्हा असल्या मुक्या वादळाला आवाज माझे अब्बा द्यायचे. बादल्या बनवणारा माणूस. पडद्यामागं उभा राहून मोठा पत्रा असा हलवायचा, की लेकरं आईला बिलगायची.

एका संध्याकाळी खरंच वादळ आलं. तंबू फडफडला, नाकातोंडात धूळ गेली. अब्बा पत्रा टाकून पुढं धावले, "उठा! खरं वादळ येऊन राहिलं!" लोकांना तोही खेळच वाटला. उठायचं सोडून टाळ्या! मधला खांब कलला, अब्बांनी तो दोन्ही हातांनी पेलला, तेव्हा कुठं सगळे पळाले. शेवटी खांब पडला आणि अब्बांचा उजवा हात खाली चिरडला. पुन्हा त्यांना पत्रा धरता आला नाही.

अजून एखादं म्हातारं भेटलं की म्हणतं, "तुमच्या अब्बानं काय वादळ केल्तं!" हाताचं कुणी विचारत नाही. अंगाची आग होते. पण बोलू कुणाला? पहिल्या रांगेत सगळ्यात जोरात टाळ्या मीच वाजवत होते.