गाडीला शिकवायची दहा मिनिटं

माझ्या नातीला मी एक गोष्ट अजून सांगितलेली नाही. ती जन्माला यायच्या बारा दिवस आधी मी तिला आणि तिच्या आईला जवळजवळ गाडीखाली घेतलं होतं. आता ती स्वतःच गाडी शिकायचं म्हणतेय, तेव्हा वाचू दे एकदा. मग माझ्या शेजारी बसून शिकायचं की नाही, ते तिनं ठरवावं.

बाई तेव्हा त्रेपन्न वर्षांच्या होत्या. बाई म्हणजे मीच. शाळेत अठ्ठावीस वर्षं पदार्थविज्ञान शिकवून नुकती निवृत्ती घेतलेली. त्यामुळे जगात आपल्याला न समजणारी गोष्ट नसतेच, आणि असलीच तर ती बनवणाऱ्याचं काहीतरी चुकलेलं असतं, अशी बाईंची पक्की समजूत. आम्ही दोघं कोथरूड सोडून कासार आंबोलीला राहायला आलो होतो. चार खोल्यांचं घर, पुढं फरशीचं अंगण, ते घराकडं जरासं उतरतं. हे उतरतं अंगण लक्षात ठेवा.

लेक पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली होती. जावई कंपनीच्या कामासाठी परदेशात. दवाखाना कोथरूडला. रिक्षा आमच्याकडे फिरकायची नाही, एसटी आपल्या मर्जीनं यायची. म्हणजे कळा सुरू झाल्या की लेकीला पोचवायचं ते आमच्या गाडीनं आणि मीच. यजमान गाडी चालवत नसत. ते वीज मंडळात होते आणि घरातला बल्ब बदलतानासुद्धा रबरी चपला घालत.

आणि नेमकी गाडीच बिघडली. सात वर्षांची जुनी, दुसऱ्याकडून घेतलेली. अ‍ॅक्सिलरेटरवरचा पाय काढला की गप्प व्हायची. पहिल्यांदा हे झालं ते पिरंगुटच्या घाटात. लेकीला डॉक्टरांना दाखवून परत येत होतो. पुढं गाड्या थांबल्या म्हणून मी थांबले, इंजिन बंद पडलं आणि गाडी एक वीतभर मागं घसरली. मागं लवासाकडं सिमेंट घेऊन निघालेला ट्रक. आरशात त्याचं नुसतं जाळीदार तोंड दिसत होतं. त्यानं हॉर्न दाबून धरला. माझ्या हाताला इतका घाम सुटला की किल्ली फिरेना. लेकीनं पोटावरचा पट्टा दोन्ही हातांनी पुढं ओढून धरला. पुढं कित्येक दिवस डोळे मिटले की मला ते दोन हात दिसायचे.

दुसऱ्या दिवशी पिरंगुटच्या मेकॅनिककडे गेले. त्यानं बॉनेट उघडून एका मिनिटात सांगितलं, "मॅडम, थ्रॉटल घाण झालाय. साफ करायचा आणि गाडीला परत शिकवायचं."

"गाडीला शिकवायचं?"

"व्हय. जुन्या गाडीत पेडलपासून इंजिनापर्यंत तार असायची. हिच्यात तार न्हाई. तुमी पेडल दाबलं की कॉम्प्युटर बघतो आणि हवेची झडप किती उघडायची ते तोच ठरवतो. झडपेवर काजळी बसली, त्याचा हिशोब चुकला. साफ केलं की जुना हिशोब पुसून नवा घालायला लागतो."

"मग घाला ना."

"दसरा झाल्यावर आणा. आत्ता सगळं गाव गाड्या धुवायला हितं आलंय."

दसऱ्याला तीन दिवस होते. डॉक्टरांनी दोन आठवडे सांगितले होते, पण पहिलटकरणीचं पोर काय तारीख बघून येतं? मी अगदी सहज विचारल्यासारखं सगळं विचारून घेतलं आणि लेकीच्या आहाराच्या कागदामागं लिहून काढलं. बॅटरीची वायर काढायची. झडप पुसायची, बोटानं ढकलायची नाही. वायर लावायची. किल्ली अर्धी फिरवून थांबायचं. मग गाडी चालू करून दहा मिनिटं तशीच ठेवायची.

"दहा मिनिटं कशालाच हात लावायचा न्हाई बघा," तो म्हणाला होता. "पाय न्हाई, गिअर न्हाई, एसी न्हाई, दिवा न्हाई. ती शिकत असती. मधीच हलवली तर येड्यावानी करती."

घरी येऊन यजमानांना सांगितलं, तर ते म्हणाले, "तू हात लावायचा नाहीस. ही काही शाळेतली प्रयोगशाळा नाही."

"नाही हो लावत," मी म्हणाले. बाई खोटं बोलताना नेहमी 'हो' जास्त लावतात.

दसऱ्याच्या सकाळी ते झेंडूची फुलं आणायला पौडला गेले. एसटीनं जाऊन यायला दोन तास धरले होते. आदल्या दिवशी खंडेनवमीला त्यांनी घरातली सगळी हत्यारं देवापुढं मांडून ठेवली होती. पक्कड, टेस्टर, पाने, सगळ्यांना हळदकुंकू. बॅटरीला दहा नंबरचा पाना लागतो. मी देवाला नमस्कार केला आणि तो उचलला. त्याच्यावरचं कुंकू माझ्या बोटांना लागलं.

कुंपणापलीकडून शेजारच्या मावशींनी पाहिलं. आमची जागा मूळची त्यांचीच. सत्तरीच्या, काठी घेऊन शेतभर फिरणाऱ्या.

"मास्तरीणबाई, पूजेतलं हत्यार उचललं व्हय?"

"पाच मिनिटांचं काम आहे, मावशी."

"आज त्याला इसावा असतो. आमी तर इळासुदीक हातात घेत न्हाई. आन् लेक दिवसांत हाय तुमची."

"तिच्यासाठीच करतेय."

"करा बाई. तुमी शिकलेल्या."

हे 'शिकलेल्या' त्या ज्या सुरात म्हणायच्या, तो कागदावर उतरवता येत नाही.

काम तसं सोपं होतं. हवेचा जाड नळा काढला. आत पितळी रंगाची गोल झडप, कडेनं काळी. काजळी काढायचा फवारा मारून मऊ फडक्यानं पुसत गेले. कागदावर ठळक लिहिलं होतं, ढकलायची नाही. पण कडेची काजळी निघेना म्हणून मी बोटानं जरा ढकललीच. आतून कर्र असा आवाज आला. मोडली? आता मोडली असेल तर? दोन दिवस सगळं बंद, मेकॅनिक बंद, आणि लेकीला आत्ता कळा आल्या तर? मी खिडकीकडं पाहिलं. ती आत पलंगावर बसून पायांना तेल चोळत होती. पाय इतके सुजलेले, की तिच्या हातांना पुरेनात. मी नळा परत बसवला. दोनदा वाकडा बसला.

वायर लावली. पाना पदराच्या घडीत खोचला. किल्ली अर्धी फिरवली, थांबले, मग गाडी चालू केली. आणि ती ओरडली! पाय कशावरही नव्हता, तरी इंजिनाच्या फेऱ्यांचा काटा दोन हजारांच्या पुढं. मग खाली, परत वर. श्वास लागलेल्या माणसासारखी. घाबरू नको, ती शिकतेय, असं स्वतःला बजावत मी मनगटावरच्या घड्याळाकडं बघत बसले. एक मिनिट. दोन. तीन.

चौथ्या मिनिटाला फाटकाशी जीप थांबली. मावशींचा मुलगा पौडहून प्रवासी घेऊन येत होता, त्यानं यजमानांना वाटेत उचललं होतं. हातात झेंडूची पिशवी, चेहरा हसरा.

"अरे वा, गाडी चालूच? चला, पूजा उरकून घेऊ. मुहूर्त चांगला आहे."

"अहो, जरा थांबा ना. सहा मिनिटं."

"कशाला?"

इथं खरं बोलायचं होतं. एक वाक्य पुरलं असतं. मी हात लावलाय, ती शिकतेय, कुणी जवळ येऊ नका. पण बाईंना एवढंच दिसत होतं, की पाना पदरात आहे आणि नवरा म्हणणार, सांगितलं होतं ना तुला.

"काही नाही," मी म्हणाले.

मग सगळं भराभर झालं. यजमानांनी बॉनेटवर हार घातला. मावशी कुंपणातून आल्या, त्यांनी पुढच्या दोन्ही चाकांखाली लिंबं ठेवली. लेक ताट घेऊन बाहेर आली. हळदकुंकू, अक्षता, पेटवलेलं निरांजन. ती गाडीसमोर उभी राहिली, पोट ताटाच्याही पुढं. तिनं ओवाळलं. नारळ फुटला.

"आता घे पुढं," यजमान म्हणाले, "लिंबं फुटू देत."

"हिला जरा बाजूला..."

"ती होतेय बाजूला. तू घे."

मी क्लच दाबला, गिअर टाकला. काटा खाली आलेला दिसला म्हणून क्लच सोडायला लागले. आणि त्याच क्षणी काटा चढला. मी पाय दिलेला नव्हता. देवाशपथ दिलेला नव्हता. गाडीनं उडी मारली. चाकांखाली काहीतरी फुटलं, अंगण उतरतं होतं, समोर लेक होती.

पुढचं मला तुकड्यातुकड्यांनी आठवतं. मावशींनी "धर गं करंडा" म्हणून हळदकुंकवाचा करंडा पुढं केलेला. तो घ्यायला लेकीनं ताट फरशीवर ठेवून मावशींकडं टाकलेलं एक पाऊल. एकच. तिच्या साडीची कड बंपरला घासून गेली. मी ब्रेकवर दोन्ही पायांनी उभी होते. ताट चाकाखाली गेलं, निरांजन विझलं. घराच्या पायरीपाशी गाडी गचका खाऊन बंद पडली.

लेक मावशींच्या खांद्याला धरून उभी होती आणि पोटावर हात ठेवून कशाचीतरी वाट बघत होती. आम्ही सगळेच तिच्या त्या हाताकडं बघत होतो. किती वेळ, कोण जाणे.

"हलतंय," ती शेवटी म्हणाली.

मी दार उघडून उतरले, आणि पदरातला पाना फरशीवर खणकन पडला. त्याच्यावर अजून कुंकू होतं. यजमानांनी तो उचलला. माझ्याकडं पाहिलं, कागदाकडं पाहिलं, काळ्या झालेल्या फडक्याकडं पाहिलं. मी बोलण्यांची वाट बघत होते. त्यांनी पाना धुतला, पुसला आणि देवापुढं होता तिथं नेऊन ठेवला. त्यापेक्षा ओरडले असते तर बरं झालं असतं.

दुपारी मी सगळ्यांसमोर सगळं सांगितलं. मावशी म्हणाल्या, "शिकणाऱ्याला मधीच उठवलं की असंच व्हतं. शाळंत एवढं शिकवलं तुमी, आन् एवढं कळंना?"

गाडी परत शिकवायची होती. यजमानांनी स्वतः हातमोजे घालून वायर काढली, अर्ध्या तासानं लावली. लेकीला मागच्या खोलीत बसवलं. मावशी काठी घेऊन अंगणाच्या कडेला, कोंबडीसुद्धा फिरकू नये म्हणून. यजमान घड्याळ घेऊन पायरीवर. मी गाडीत, दोन्ही पाय सीटवर मांडी घालून, म्हणजे चुकूनसुद्धा खाली जायला नकोत.

काटा चढला. उतरला. इंजिन मरतंय की काय असं वाटावं इतका खाली गेला, परत उसळला. प्रत्येक उसळीला मला समोर लेक दिसत होती, ताट घेऊन. समोर फक्त भिंत होती, तरी दिसत होती.

"चार मिनिटं," यजमान म्हणाले. बऱ्याच वेळानं, "सात."

आठव्या मिनिटाला झोका लहान झाला. नवव्याला काटा आठशेच्या जरा खाली येऊन थांबला आणि तिथंच राहिला. इंजिनाचा आवाज इतका हलका झाला, की मागच्या खोलीतून लेकीनं विचारलं, "बंद पडली का गं?"

पुढच्या चार दिवसांत मी एकटी पौडपर्यंत सहा वेळा जाऊन आले. चढावर मुद्दाम थांबले, पाय काढला. एकदाही बंद पडली नाही. घरी येऊन लेकीला सांगायची. ती म्हणायची, "छान झालं, आई." पण चक्कर मारायला ये म्हटलं की तिचे पाय दुखायचे.

बाराव्या दिवशी, सकाळी अकराच्या सुमाराला कळा सुरू झाल्या. मी बॅग गाडीत टाकली, गरम पाण्याचा थर्मास टाकला, गाडी चालू केली. लेक यजमानांच्या हाताला धरून बाहेर आली. पायरीवर आली आणि बॉनेटसमोर थांबली. एक कळ येऊन गेली तोवर ती बॉनेटकडंच बघत होती. मग माझ्याकडं न बघता, अगदी हळू म्हणाली, "आई, मी मावशींच्या जीपमधून जाऊ का? तू मागून ये."

"हो," मी म्हणाले. या वेळी एकच 'हो'.

मावशींचा मुलगा नेमका घरी होता, जीप त्यानं काढली. आत ती, तिचे बाबा आणि तिचा हात धरून मावशी. मागं मी, शेजारच्या सीटवर बॅग. जीप खड्ड्यातून उसळली की मला वाटायचं आता काय झालं असेल, आणि मला काहीच ऐकू यायचं नाही. पिरंगुटच्या घाटात गाड्या थांबल्या, अगदी त्याच वळणावर. मागं ट्रकही होता. गिअर काढून, हँडब्रेक ओढून मी पाय काढला. काटा आठशेच्या जरा खाली, हलला नाही. माझी गाडी सगळं शिकली होती.

पुढच्या जीपच्या मागच्या काचेतून मावशींचा डोक्यावरचा पांढरा पदर दिसत होता. तो एकदम लेकीवर खाली वाकला आणि दिसेनासा झाला. मी दोन्ही हातांनी स्टिअरिंग धरून, पाय कशाला न लावता, तो वर यायची वाट बघत बसले.