काही टाकलं काय आत?

प्रल्हाद सिंकला हात लावण्याआधी वास घ्यायचा. पिशवी दाराशी ठेवायची, बाह्या वर सारायच्या आणि जाळीवर वाकून, डोळे मिटून वास घ्यायचा. मग ठरलेला प्रश्न, "बाई, काही टाकलं काय आत?" जळगाव जामोदमध्ये नळाची कामं करणारे दुसरेही होते, पण हे विचारणारा हा एकटाच.

मी त्याची चौथीची बाई. वही घरी राहिली अशी थाप मारली म्हणून मी त्याला एकदा वर्गाबाहेर उभं केलं होतं. ते तो चाळिशीतही कौतुकानं सांगायचा. "बाईनं मायी खोटं बोलायची खोडच मोडली," म्हणायचा आणि हसायचा. मला ते ऐकायला फार आवडायचं, कबूल करते.

ॲसिडवर त्याचा भारी राग. पाइप तुंबला की आम्ही बायका ते ओततो आणि मोकळ्या होतो. "ॲसिड आधी पाइप खाते, मंग आमचे हात खाते," असं म्हणून तो बोटांवरचे डाग दाखवायचा. एकदा माझ्याकडे बाटली सापडली तेव्हा चांगलाच बोलला. "शिकेल-सवरेल माणसानं असं करावं काय? अन् टाकलंच तं सांगून देत जा. मी आधी पाणी सोडतो, मंग खोलतो." चौथीतल्या पोराकडून बोलणी खाल्ली! पुन्हा टाकणार नाही, असं मी म्हणून बसले.

मागच्या हिवाळ्यात जाळी पार सडली, खालचा पाइप गळायला लागला. सगळंच बदलायचं होतं. प्रल्हाद दुपारी येणार होता आणि सकाळीच पाणी तुंबलं. भांडी खोळंबली होती. मी ॲसिड ओतलं. पाणी तसंच उभं.

तो आला, वाकला आणि पुन्हा सरळ झाला. "सर्दीनं नाक बंद हाये बाई. तुम्हीच सांगा. काही टाकलं काय आत?"

"नाही," मी म्हणाले.

का? तर पुन्हा बोलणी नकोत म्हणून. साठी उलटलेल्या मास्तरणीचा तोरा, दुसरं काय!

"तुम्ही म्हणता तं नाहीच," म्हणत तो सिंकखाली आडवा झाला. पाइपाखालची, गाळ साचतो ती प्लॅस्टिकची बाटली त्यानं फिरवली, ती एकदम निसटली आणि आतलं सगळं त्याच्या तोंडावर आलं. त्याचं ओरडणं मला अजून ऐकू येतं. मी मगानं पाणी ओतत राहिले, पण उजवा डोळा गेला तो गेलाच. डॉक्टरांना तो म्हणाला, "जुनं साचेल असन काही."

मी दोनदा त्याच्या घरी गेले, सांगायचंच असं ठरवून. फळं ठेवली, चहा प्यायले, परत आले. उलट तोच म्हणायचा, "बाई, तुमचं काम अर्धं राह्यलं."

दोन महिन्यांनी काळा चष्मा लावून काम पुरं करायला आला. वास घेतला, तरी विचारलंच, "काही टाकलं काय आत?" मी नाही म्हटलं. या वेळी ते खरं होतं. मागच्यासारखाच विश्वास ठेवून त्यानं डोकं सिंकखाली घातलं. मला तिथे उभं राहवेना.

उन्हाळ्यात तो मोटारसायकलवरून कामाला चालला होता. उजवीकडून ट्रॅक्टर आला, तो त्याला दिसलाच नाही. प्रल्हाद जागीच गेला.

तिसऱ्या दिवशी मी भेटायला गेले. त्याच्या बायकोनं, सुनंदानं, चहा दिला आणि भिंतीला टेकून बसली. "मी एकदाच म्हणलं होतं त्याहीले, बाईनंच टाकलं असन म्हून. तं मायावरच चिडले. म्हणे, आमच्या बाई खोटं नाही बोलत."

"बोलतात, सुनंदा," मी म्हणाले. "मीच टाकलं होतं. त्यानं विचारलं, तेव्हा नाही म्हणाले."

 ती उठली आणि माझ्या हातातला चहाचा कप काढून घेतला.