लोहार आणि गिरणी

बासष्ट साली हे हायडेलबर्गला संशोधन करत होते आणि मी इस्पितळाच्या धुलाईघरात चादरींच्या घड्या घालायचे. चादरीचं दुसरं टोक एका स्पॅनिश बाईच्या हातात असायचं. ती ते असं हिसकायची की मी पुढे खेचली जायचे. तिला दोन आडनावं होती. बापाकडच्याचा अर्थ लोहार, आईकडच्याचा गिरणी. लग्न झालं तरी दोन्ही तशीच राहिली, हे ती मोडक्या जर्मनमध्ये रोज ऐकवायची.

एकदा कारकुनाने तिच्या कार्डावर नवऱ्याचं आडनाव घातलं. तिने कार्ड परत ढकललं.

"लग्न केलंय, मेले नाही. नीट लिही."

त्याने दोन्ही लिहिली.

मग मला म्हणाली, "तुझं बापाचं कुठलं?"

"ते गेलं. पहिलं नावही गेलं. लग्नात नवऱ्याने ताटातल्या तांदळात नवं लिहिलं."

"आणि तू लिहू दिलंस?"

मी इतकी जळले की दिवसभर तिच्याशी बोलले नाही. संध्याकाळी कांदा चिरताना माझं माहेरचं नाव आडनावासकट मोठ्याने म्हणून पाहिलं.

बाहेरच्या खोलीतून ह्यांनी विचारलं, "कोण आलंय गं?"