हरकत राखून

उमरखेडच्या कचेरीत, सरकारी तलावात गेलेल्या शेतांचा मोबदला वाटणारा एक कारकून होता. शेतकरी अंगठा उठवायला वाकला, की हा त्याचा हात धरायचा.

"थांब बाप्पा. मोबदला कमी आहे, हे आधी लिहू दे. नाही तं कोर्टात तुले कोणी इचारत नाही."

मग पावतीवर टपोऱ्या अक्षरात लिहायचा, 'हरकत राखून घेतले'. साहेब चिडायचे. हा टाक पुसत राहायचा.

त्याच तलावात त्याचंही शेत गेलं. त्याने मात्र पावतीवर नुसती सही केली. शेजारच्या टेबलावरून मी विचारलं, "तुमची हरकत नाही?"

"आहे ना," तो टाक पुसत म्हणाला. "पण लिहिलं तं साहेब म्हनतीन, सगळ्यांचंच यानं स्वतःसाठी लिहिलं."