कामरगावातलं पोलिश लगीन

पोलंडहून आलेल्या एका दिग्दर्शिकेला कामरगावात दुभाषा हवा होता. मी वाशिमच्या एका दैनिकात काम करत होतो आणि मला इंग्रजी येत होतं, एवढ्यावर ते काम मला मिळालं. तिचा माहितीपट तिच्याच देशातल्या नटांवर होता. भाषा काढून घेतली तर त्यांच्या अभिनयात पोलिश असं काय उरतं, हे तिला पाहायचं होतं.

सोबत दोन नट होते. एक तरुण, दुसरी पन्नाशीकडे झुकलेली बाई. ही बाई कित्येक वर्षं एका हॉटेलात पर्यटकांसमोर पोलिश लग्नाचा प्रवेश करत होती. रोज संध्याकाळी दोनदा नवरी व्हायचं. जीपमध्ये ती मला म्हणाली, "हे लग्न अजून माझं आहे की नुसती नोकरी, ते मला कळत नाही. इथेही कळलं नाही, तर मी ही भूमिका सोडणार आहे."

सोयाबीन निघालं होतं, माणसं मोकळी होती. दुपार कलली तेव्हा लग्नाचा तोच प्रवेश पाहायला देवळासमोरचं पटांगण भरलं. दिग्दर्शिकेने नवरीची आई होऊन तिकडच्या रीतीप्रमाणे पाव आणि मीठ पुढे केलं. नाच झाला. मग नवरानवरी समोरासमोर उभे राहिले आणि तसेच राहिले. तिकडच्या लग्नात या ठिकाणी पाहुणे पेले उंचावून "कडू, कडू" असं ओरडतात. दारू कडू लागते, ती नवरानवरीने मुका घेऊन गोड करायची. गावाला रुचणार नाही म्हणून दिग्दर्शिकेने मुका गाळला होता. तिला तसं कोणी सांगितलं नव्हतं.

पुढे काय, ते पटांगणाला कळेना. नटीचा चेहरा उतरला.

कामरगावात दंडारीची लोकनाट्यं होतात, आणि दंडारीत नट अडला की प्रेक्षक त्याला बोलतात. पुढे बसलेल्या एक काकू बोलल्याच.

"काहून व नवरीबाई, अशी दूर कायले उभी हायेस? भांडण झालं काय?"

हशा पिकला. मी नटीला अर्थ सांगितला आणि काकूंना खरं कारण.

"हात व माय!" काकूंनी तोंडाला पदर लावला. "मुका कायले पाह्यजे? कडू लागते त गुळाचा घास भरवा म्हना एकमेकाले. आमी नाई का भरवत?"

"काकानं भरवला होता काय तुमाले?" मागून कोणीतरी विचारलं.

"बोट चावलं होतं मी त्याईचं!"

शेजारच्या घरातून गूळ आला. "कडू! कडू!" आधी पोरं ओरडली, मग सगळं पटांगण. नटीने खडा नवऱ्याच्या ओठांपर्यंत नेला आणि ऐनवेळी स्वतःच खाऊन टाकला. हे ठरलेलं नव्हतं. ओरडा दुप्पट झाला. नटी मोठ्याने गाऊ लागली. तिने काकूंना नाचात ओढलं, काकूंनी तिला फुगडीत.

लोक उठून मधे आल्यामुळे कॅमेऱ्याला बरंचसं दिसलं नव्हतं. दिग्दर्शिका म्हणाली, "पुन्हा एकदा करू."

नटी देवळाच्या पायरीवर धापा टाकत बसली होती.

"नाही."

"का?"

"लग्न झालं माझं."

काकूंनी मला विचारलं, "काय म्हनून राह्यली?" मी दोघींचं बोलणं सांगितलं.

"बराबर हाये," काकू तिच्याशेजारी बसत म्हणाल्या. "त्या बाईले म्हना, अजून लावाचं असन त दुसरी नवरी आन."