सुप्रभाताईंचा शनिवार

सुप्रभाताईंना 'नाही' म्हणून बघितलेली माणसं इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीत बरीच आहेत. ती सगळी आता 'हो' म्हणतात.

ताई मूळच्या मिरजेच्या. नर्सिंग शिकून तरुणपणी इथे आल्या, मिडवाइफ झाल्या आणि रिटायर होईपर्यंत इथल्या बायकांची बाळंतपणं केली. उंची बेताची, आवाज मात्र रस्त्याच्या पलीकडे पोचणारा. फोलशिल रोडवर भाजी घ्यायला निघाल्या की दाढीमिशा आलेले बाप्ये त्यांना पाहून सिगारेट पाठीमागे लपवतात, कारण त्यांना आयुष्यातली पहिली चापट यांनीच मारलेली असते. यजमान दीनानाथराव वारले, त्याच वर्षी ताई इथल्या महाराष्ट्र मंडळाच्या हळदीकुंकवाला स्वतः करंडा घेऊन दारात उभ्या राहिल्या. बायका जागच्या जागी थिजल्या. ताई म्हणाल्या, "नवरा माझा गेलाय, कपाळ माझं आहे. तुम्हाला काय अडचण आहे?" कोणालाच काही अडचण निघाली नाही.

मी सुचेता. पुण्याहून सॉफ्टवेअरच्या नोकरीसाठी आले, ताईंच्या वरच्या खोलीत भाड्याने राहिले आणि त्यांच्या आग्रहाने म्हणजे हुकमाने मंडळाच्या कमिटीत गेले. त्यामुळे त्यांचा शनिवार मी जवळून पाहिला आहे.

शनिवारची सुरुवात माझ्या येण्याआधीची, इंटिफादाच्या, म्हणजे इस्रायलविरुद्धच्या पॅलेस्टिनी उठावाच्या काळातली. तिकडे बसमध्ये स्फोट होत होते, रणगाडे वस्त्यांमध्ये घुसत होते, आणि इकडे कॉव्हेंट्रीच्या हॉस्पिटलात दोन बाळंतिणींना नेमके शेजारशेजारचे पलंग मिळाले होते. एक रोनित, इस्रायलमधल्या हैफाची. तिचा नवरा युनिव्हर्सिटीत शिकवायचा. दुसरी समाह, गाझाची. तिचा नवरा इंजिनियर. दोघींना मुलीच झाल्या होत्या. एकमेकींचं गाव कळल्याबरोबर दोघींनी मधला पडदा ओढून घेतला, आणि दिवसभर पडद्याच्या दोन्ही बाजूंनी फक्त पोरींचं रडणं ऐकू येत राहिलं.

ताई ड्यूटीवर आल्या आणि त्यांनी तो पडदा सर्रकन बाजूला केला. म्हणाल्या, "पडदा डॉक्टर तपासायला येतात तेव्हासाठी आहे. रुसण्यासाठी नाही."

दोघी घरी गेल्यावर ताईंनी त्यांना शनिवारी सकाळी आपल्या घरी यायला सांगितलं. निमित्त पोरींची वजनं बघायची. त्या आल्या. वजनं झाली, मग थालीपीठ झालं. खाण्याचे धर्मनियम दोघींचे वेगळे, हिचं हलाल आणि तिचं कोशर, पण थालिपीठाला ना याची हरकत ना त्याची. मग भांडण झालं, आणि ते जोरात झालं. समाह ताडकन उठून निघून गेली. ताई तिच्या मागे फाटकापर्यंत गेल्या आणि त्यांनी नियम घालून दिला: माझ्या घरातून रागावून उठायला परवानगी आहे, पण जी उठून जाईल तिने पुढच्या शनिवारी यायचंच.

हा एवढाच नियम. कोणी कोणाच्या गळ्यात पडायचं नाही, मेणबत्त्या लावायच्या नाहीत, फोटो काढायचे नाहीत. चर्चमधली एक गोड बोलणारी बाई एकदा सगळ्यांनी हातात हात घेऊन डोळे मिटू या म्हणाली, तेव्हा ताईंनी तिला कणीक मळायला बसवलं. "डोळे मिटून काय दिसणार आहे?" असं वर मलाच विचारलं.

पाच वर्षं दोघी भांडल्या. हातच्या गेलेल्या घरांच्या जपून ठेवलेल्या किल्ल्यांवरून, चेकपॉइंटवरून, कोणी कोणाला आधी मारलं यावरून. कधी रोनित उठून जायची, कधी समाह. पण पुढच्या शनिवारी येत होत्या. पोरी, नोआ आणि यारा, ताईंच्या जिन्यावर बाहुल्यांची लग्नं लावत मोठ्या होत होत्या. मी एकदा ताईंना विचारलं, "याने तिकडे काय फरक पडणार?" त्या म्हणाल्या, "तिकडचं मला काय कळतं? माझ्याकडे एक खोली आहे. ती मी मोडू देणार नाही."

आणि दोन हजार आठच्या डिसेंबरात, ख्रिसमस उरकतो न उरकतो तोच, गाझावर बॉम्ब पडायला लागले.

त्यानंतरच्या शनिवारी दोघी आल्या. समाहचे डोळे सुजलेले होते. तिची मोठी बहीण गाझात, फोन लागत नव्हता. रोनितचाही चेहरा उतरलेला होता. तिची मावशी गाझातली रॉकेटं पडतात त्या गावात, आणि भावाला सैन्याचं बोलावणं आलेलं. रोनितने ते सांगितलं मात्र, समाहने ताट पुढे सरकवलं. "म्हणजे माझ्या बहिणीच्या घरावर तुझा भाऊ जाणार," ती म्हणाली आणि याराचा हात धरून निघून गेली.

पुढच्या शनिवारी ती आली नाही.

ताई तिच्या घरी गेल्या. दार उघडलं नाही. संध्याकाळी पुन्हा गेल्या, तेव्हाही नाही. परत आल्या त्या कोट न काढताच स्वयंपाकघरात बसून राहिल्या. मी ताईंना रडताना कधी पाहिलं नाही, त्या दिवशीही नाही. पण त्या घाबरल्या होत्या, हे मला दिसत होतं. "एकदा मोडलं तर चालेल," त्या म्हणाल्या. "दुसऱ्यांदाही आली नाही तर संपलं, सुचेता. मग ती कायमची जाईल."

येणारा शनिवार नेमका मंडळाच्या संक्रांतीच्या हळदीकुंकवाचा होता. ताईंनी ठरवूनच टाकलं: या वेळचा शनिवार हळदीकुंकवाच्या हॉलमध्ये. रोनितला फोन केला, आणि समाहच्या दारातून आत ओरडून सांगितलं. शेजाऱ्यांनाही आमंत्रण गेलं असणार.

कमिटीत अर्थातच भूकंप झाला. आमचे अध्यक्ष डॉक्टर मुरलीधर खरवंडीकर, हाडांचे डॉक्टर. माणूस वाईट नाही, पण लोक काय म्हणतील या काळजीनेच त्यांचे केस गेले असावेत. ते म्हणाले, "सुप्रभाताई, प्लीज. मंडळात पॉलिटिक्स नको. हॉल कौन्सिलचा आहे, तिथे काही सीन झाला तर? आपण इथे लो प्रोफाइल राहिलेलं बरं."

आमच्या मंडळात जेवणाला श्रीखंड की बासुंदी यावरून दोन गट पडून वर्षभर अबोला चालतो. त्याला पॉलिटिक्स म्हणत नाहीत.

ताई म्हणाल्या, "मी दोन बायकांना हळदीकुंकवाला बोलावलंय, डॉक्टर. तुम्हाला नको असेल तर मला मंडळातून काढा. ठराव मांडा. मीच अनुमोदन देते." ठराव कोणी मांडला नाही.

शनिवारी हॉल बायकांनी फुलून गेला. संक्रांत म्हणजे काळी साडी आलीच. वर्षभरात एवढ्या एका सणाला आपण काळं हौसेने नेसतो. ताईंची जुनी चंद्रकळा, डॉक्टरांच्या सुहासिनीताईंची काळी पैठणी, माझी आईने पाठवलेली काळी सुती. दारात तिळगूळ, कोपऱ्यात एका तान्ह्याच्या बोरन्हाणाची तयारी, आणि स्पीकरवर कोणीतरी सारखं 'हॅलो, हॅलो' करत होतं.

रोनित आधी आली. दारातच थबकली. तिची आई हैफाला दर शुक्रवारी काळे कपडे घालून चौकात उभी राहते, युद्ध थांबवा म्हणून. लोक थुंकतात, तरी उभी राहते. हे रोनितने आम्हाला पूर्वी सांगितलं होतं. आता हॉलभर काळ्या साड्या बघून तिने माझा दंड घट्ट धरला. मी घाईघाईने तिला खरं ते सांगितलं: हा आमचा थंडीतला सण, काळा रंग ऊब धरतो म्हणून. ती हसली, पण डोळे पुसूनच.

तिळगूळ वाटून होत आला आणि समाह आली. कोटाची बटणं गळ्यापर्यंत लावलेली, यारा हाताला. तिचा चेहरा पाहूनच कळलं की ती बसायला आलेली नाही. ती दोन पावलं आत आली आणि तिने हॉल पाहिला. काळ्या कपड्यातल्या इतक्या बायका, सगळ्या तिच्याकडे बघत. तिचा हात तोंडावर गेला.

"तुम्ही सगळ्यांनी," ती इंग्रजीत म्हणाली, "आमच्यासाठी?"

आमच्या डॉक्टरांनी लगेच माइक हातात घेतला. मॅडम, काही गैरसमज नको, हा आमचा पारंपरिक सण आहे, थंडीत ऊब धरतं म्हणून आज काळं नेसतात, याचा कुठल्याही इंटरनॅशनल घटनेशी संबंध नाही, असं सगळं त्यांनी स्वच्छ इंग्रजीत आणि स्पीकरवरून सांगितलं. शब्दन् शब्द खरा होता. मला तो माइक त्यांच्या डोक्यात घालावासा वाटला.

समाहचा चेहरा दगडासारखा झाला. "अर्थात," ती म्हणाली. "आमच्यासाठी कोण कशाला घालेल?" आणि वळली.

"समाह!" ताईंचा आवाज आला. प्रसूतीच्या खोलीतला असणार तो, कारण सगळा हॉल दचकला. "डॉक्टर खरं बोलले. इथे कोणीही तुझ्या बहिणीसाठी काळं नेसलेलं नाही. मीही नाही. मी तुझ्याशी खोटं बोलणार नाही. दाराशी थांब आणि बघ."

मग आमच्याकडे वळून मराठीत म्हणाल्या, "सण झाला, बायांनो. तिळगूळ वाटून झाला. आता ह्याच साडीने मी रस्त्यावर जाऊन उभी राहणार आहे, तिच्या बहिणीसाठी आणि हिच्या मावशीसाठी. ज्यांना यायचंय त्या या."

"अहो, बाहेर फ्रीझिंग आहे!" डॉक्टर ओरडले. "बोरन्हाण राहिलंय! निदान कोट तरी घाला!"

ताई थांबल्या. "काळं उबेसाठी नेसतो म्हणून आत्ताच माइकवर सांगितलंत ना?" त्या म्हणाल्या. "बघू या, किती पुरते ऊब."

आणि गेल्या. रोनित लाल स्वेटरमध्येच त्यांच्या मागे गेली. मी गेले. मग खुर्ची सरकल्याचा आवाज झाला आणि सुहासिनीताई उठल्या, डॉक्टरांच्या समोरून, त्यांच्याकडे न बघता. जाताना त्यांनी आपली काळी शाल रोनितच्या खांद्यावर टाकली. मग आणखी काही जणी उठल्या. ज्या आत राहिल्या त्यांना आपण दोष देत नाही, असं म्हणायची पद्धत आहे. मी देते.

आम्ही फुटपाथवर ओळीने उभ्या राहिलो. फलक नाही, घोषणा नाहीत. बसमधले लोक काचेला नाक लावून बघत होते. एका गाडीतून कोणीतरी 'आपल्या देशात जा' म्हणून ओरडला. ताईंनी त्याला मिरजेच्या मराठीत जे उत्तर दिलं ते इथे छापता येणार नाही. एक म्हातारा साहेब थांबला आणि त्याने नम्रपणे विचारलं की आपण नक्की कोणाच्या बाजूने उभ्या आहात? ताई म्हणाल्या, "मी बाळंतपणं करते. जी मरत असेल तिच्या." तो टोपी काढून थोडा वेळ उभा राहिला आणि मग गेला.

थंडी पायातून वर चढत होती. ऊब वगैरे काही पुरत नव्हती, पण हलायला कोणी तयार नव्हतं. समाह हॉलच्या पायरीवर उभी होती, दाराला टेकून. यारा तिचा हात सोडवून केव्हाच नोआजवळ पळाली होती. बऱ्याच वेळाने समाह पायरी उतरली आणि ओळीच्या टोकाला, रोनितपासून लांब, येऊन उभी राहिली. आपला निळा कोट तिने काढला. आत काळा स्वेटर होता.

"मी तुला माफ केलेलं नाही," ती समोर बघत रोनितला म्हणाली.

"माहीत आहे," रोनित म्हणाली. "मीही खूप काही ऐकवणार आहे."

"इथे नको," ताई म्हणाल्या. दात वाजत होते त्यांचे. "रस्त्यावर भांडायचं नाही. त्यासाठी शनिवार आहे."

समाह त्यांच्याकडे वळली. "ताई, मी आज तेच सांगायला आले होते. मी यापुढे कधीही येणार नाही."

"बरं," ताई म्हणाल्या. "मग ते पुढच्या शनिवारी घरी येऊन सांग."

त्या रात्री टीव्हीवर युद्धबंदीची बातमी आली. ताईंना ताप भरला होता. त्या म्हणाल्या, "ह्यांच्या थांबण्यावर माझा भरवसा नाही." नंतर दोन दिवसांनी समाहच्या बहिणीचा फोन लागला. जीव वाचला होता, घर नव्हतं. ती मुलांना घेऊन एका शाळेत राहत होती.

शनिवारी सकाळी बेल वाजली. ताई अजून खोकत होत्या, तरी मला बाजूला सारून त्यांनीच दार उघडलं. बाहेर समाह उभी होती, शेजारी यारा. रोनित आत थालीपीठ थापत होती, अर्थात वाकडंतिकडं.

"मी सांगायला आले आहे," समाह उंबऱ्यातूनच म्हणाली, "की मी यापुढे येणार नाही."

"ऐकलं," ताई म्हणाल्या. "चप्पल काढ. गरम आहे तोवर खाऊन घे."

तेव्हापासून ती दर शनिवारी येते आणि दारातच हे सांगते.