पडद्याखालची पट्टी

वादळात माड पडले आणि त्यांना बांधलेली केबलही तुटली. आज केबलवाला प्रकाश फाटकाबाहेर तार गुंडाळताना दिसला. मला वाटलं, जोडणी सुरू झाली; तसं विचारलंही.

“नाही काकू, धंदाच गुंडाळतोय. सगळ्यांनी डिश बसवल्या. उरलात तुम्ही आणि तुमचा हट्ट!”

नातवंडांनो, त्याच्या चॅनेलवर पडद्याच्या तळाशी एक पट्टी सरकायची. गावात कुणाचं बारसं आहे, कोण वारलं, ते तिच्यावरून कळायचं. तुमचे वाढदिवसही झळकायचे आणि बाजारात मासेवाली विचारायची, “नात केवढी झाली, वहिनी?”

वादळापासून ती पट्टी बंद आहे. खालच्या आळीतली सुमन, शाळेत माझ्या बाकावर बसणारी, परवा गेली. मला ते आज कळलं, प्रकाश तार गुंडाळता गुंडाळता बोलला म्हणून.